खापर कोणाच्या डोक्यावर? तुमच्या घरचे अनुभव सांगा

गोदाकाठची: आज १७ सप्टेंबर, मराठवाडा मुक्तिदिन. झेंडावंदनाच्या भाषणात 'निजामामुळं आपण मागं राहिलो' ऐकलं अन् मोठे मामा आठवले. ८४ ला दहावीत गणितात गेले. अण्णा (आजोबा) बाजेखाली चप्पल हुडकायले, अन् मामा म्हणतात, "सव्वादोनशे वर्षं निजामाचं राज्य, गणित येणार कुठून?" अण्णा वाकल्या वाकल्याच म्हणाले, "निजाम ४८ ला गेला, तू झालास ६८ ला. गणित त्यानं सोबत नेलं का रं?"
अण्णांनी स्वतः रझाकारांच्या धाकानं गाव सोडलेलं, सोलापूरला चुलत्याकडं राहून सातवी केली. ते कधी काही बोलायचे नाहीत.

शेंगाचटणी: 😂 वाकल्या वाकल्याच!!

भाडेकरू_कायमचा: आमचे हे अकरा वर्षांत पाचवं घर बदलायलेत. विचारलं की दौलताबादच्या किल्ल्याकडं बोट. "तुघलकानं १३२७ ला अख्खी दिल्ली इथं आणली, परत नेली. मातीतच आहे ते." टेम्पोचं भाडं मात्र मी द्यायचं.

सूनबाई_परभणी: सासूबाई: "त्याला काम सांगू नको गं, बहात्तरच्या दुष्काळातलं लेकरू, मिलोवर वाढलंय." लेकराचं वजन ९४ किलो.

शेंगाचटणी: मिलो म्हणजे ती लाल ज्वारी ना? आई सुकडीचं पण सांगते. घरी कशी करतात?

लातूरचा_पाव्हणा: धाकटा भाऊ दिवसाआड अंघोळ करतो. "२०१६ ला मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं होतं, विसरलास का?" आमच्या बोअरला बारमाही पाणी आहे लका.

मी_किल्लारीकडची: आमच्याकडं ९३ च्या भूकंपाचं नाव काढून कोणी कारणं सांगत नाही. सांगावं वाटत नाही. बाकी चालू द्या, ९४ किलोवर लई हसले.

गोदाकाठची: ताई 🙏

सूनबाई_परभणी: सुकडी: कणीक तुपात खमंग भाजायची, खाली उतरवून गूळ. दुष्काळी कामावर मिळायची ती वेगळी. थांबा, दूध उतू गेलं.

लातूरचा_पाव्हणा: त्याला पण निजामच का 😄

गोदाकाठची: मामांना फोनवर वाचून दाखवलं. म्हणाले, "अर्धवट लिहिलंस. आमचे मास्तर उर्दूत शिकलेले, म्हणून राहिलं गणित." मी म्हटलं, मग बाकीची पोरं पास कशी झाली? रेंज गेली म्हणे.

शेंगाचटणी: गूळ किती पण?