माणसाचा स्वभाव की प्रसंग?

स्वतःला उशीर झाला की रहदारीला दोष द्यायचा आणि दुसऱ्याला झाला की त्याच्या बेशिस्तीला, ही मनुष्यमात्राची उपजत खोड आहे, असे म्हटले जाते. त्यातील ‘उपजत’पणाविषयी मला शंका आहे.

जोन मिलर या संशोधिकेने शिकागो आणि म्हैसूर येथील मुलांना व प्रौढांना ओळखीच्या माणसांच्या बऱ्यावाईट वागण्याची कारणे विचारली होती (हा अभ्यास १९८४ साली प्रसिद्ध झाला). आठ वर्षांच्या मुलांच्या उत्तरांत फारसा फरक नव्हता. वय वाढले तसे अमेरिकी लोक स्वभावाकडे अधिकाधिक बोट दाखवू लागले, तर म्हैसूरकर परिस्थिती आणि नात्यांतील जबाबदाऱ्यांकडे. एका प्रसंगात मोटारसायकलवरून पडलेल्या सहप्रवाशाला रुग्णालयात सोडून वकील कोर्टात निघून जातो आणि तो जखमी पुढे दगावतो. अमेरिकी उत्तरांत वकील बेजबाबदार ठरला. भारतीय उत्तरांत त्याचे कोर्टातले कर्तव्य पुढे आले. अर्थात ‘स्वभावाला औषध नाही’ ही म्हण आपलीच असल्याने फार पाठ थोपटून घ्यायचे कारण नाही.

दुसरे असे की, मानसशास्त्रज्ञ बर्ट्रम माले यांनी २००६ मध्ये या विषयावरचे १७३ अभ्यास एकत्र तपासले, तेव्हा आपण आणि इतर यांच्याबाबतचा हा भेद एकंदरीत नगण्यच निघाला. वाईट घटनांपुरता तो दिसला, चांगल्या घटनांत मात्र उलटला: यश आपले असले की ते आपल्या गुणांचे, दुसऱ्याचे असले की परिस्थितीचे.