अनुभव धागा: सकाळी गोल्फ, दुपारी व्हिस्की – स्कॉटलंडची सहल तुम्ही कशी आखलीत?

चुकलेला बॉल

येत्या जूनमध्ये आम्ही चौघं मित्र पुन्हा स्कॉटलंडला निघालोय. मागच्या वेळी बेत मी आखला होता आणि उरलेले तिघं त्यावरून अजून मला ऐकवतात. सात दिवस, गोल्फचे सहा राउंड (एक राउंड म्हणजे अठरा होल), नऊ डिस्टिलऱ्या (व्हिस्की गाळण्याचे कारखाने). तक्ता इतका देखणा झाला होता की मी तो लॅमिनेट करून घेतला.

पहिले दोन दिवस बरे गेले. तिसऱ्या दिवशी वारा सुटला आणि चार तासांत संपणारा राउंड सव्वापाच तास चालला. दुपारची दोनची टूर गेली. साडेचारच्या ठिकाणी धापा टाकत पोचलो, तर समोर पाच ग्लास मांडलेले. पिंपातून काढलेली, पाणी न घातलेली, साठ टक्क्यांच्या आसपासची व्हिस्की. सकाळपासून पोटात एक सँडविच. तिसऱ्या ग्लासानंतर आमच्या नाकांनी संप पुकारला. मार्गदर्शक बाई 'सफरचंद, मध, जुनं कातडं' म्हणत होत्या, आम्ही चौघं गंभीरपणे माना डोलवत होतो, आणि वास मात्र प्रत्येक ग्लासाला ओल्या टॉवेलचा येत होता. तो टॉवेल बहुधा माझाच असावा.

माझं कुठे चुकलं ते परतीच्या विमानात कळलं. गोल्फ म्हणजे श्रम आणि व्हिस्की म्हणजे विश्रांती, असं मी धरून चाललो होतो. दीड तास उभं राहायचं, भट्ट्यांच्या उकाड्यात लोखंडी जिने चढायचे-उतरायचे, मग एकेका ग्लासावर लक्ष लावायचं. हेही कामच की. तो तक्ता शेवटी बुटांचा चिखल खरवडायला उपयोगी पडला.

तर मंडळी, तुम्ही दोन्ही कसं जमवलंत ते लिहा. गाडी कोणी चालवली, न खेळणाऱ्यांनी काय केलं, कुठे फसलात, सगळं येऊ द्या.

---

अर्धा पेग

आधी गाडीचं ठरवा, मग बाकीचं. 5 डिसेंबर 2014 पासून स्कॉटलंडमध्ये चालकाच्या रक्तातल्या अल्कोहोलची मर्यादा 100 मिलिलीटरला 80 मिलिग्रॅमवरून 50 वर आली आहे. इंग्लंडमध्ये ती 80 च आहे, त्यामुळे तिकडच्या नातेवाइकांचा 'एकाने काही होत नाही' हा सल्ला सीमेपलीकडेच ठेवावा. आणि आदल्या रात्रीचं विसरू नका. सकाळी आठच्या टी टाइमला (खेळ सुरू करायच्या ठरलेल्या वेळेला) निघताना रात्रीची व्हिस्की रक्तात असू शकते.

आमच्यात गाडी माझ्याकडे होती, म्हणून सुरुवातीला मी तोंड पाडूनच बसलो होतो. पण बऱ्याच डिस्टिलऱ्या चालकाला त्याच्या वाट्याची व्हिस्की छोट्या बाटल्यांत भरून देतात, 'ड्रायव्हर्स ड्रॅम' म्हणून. आधी सांगून ठेवायचं, एवढंच. पाच दिवसांत माझ्याकडे चौदा कुप्या जमल्या. रोज रात्री जेवण झालं की खोलीत दोन कुप्या, एक ग्लास, बाजूला पाण्याचा थेंब टाकायला चमचा, आणि नोंदी त्या दिवशीच्या स्कोअरकार्डाच्या पाठीमागे. कुठे काय प्यायलो हे आज आमच्यापैकी फक्त मला सांगता येतं. बाकीचे फोटो बघून भांडतात.

---

दुपारची झोप

मी गोल्फ खेळत नाही, नवरा खेळतो. लग्नाला वीस वर्षं झाली, त्यातले किती रविवार गेले ते विचारू नका.

सेंट अँड्र्यूजला मात्र रविवार माझा होता. ओल्ड कोर्स या तिथल्या जगप्रसिद्ध गोल्फ मैदानावर रविवारी खेळ बंद असतो (मोठ्या स्पर्धा वगळून). त्या दिवशी ते गावाचं मैदान होतं. कुत्री, बाबागाड्या, हातात हात घालून चाललेले आजी-आजोबा. ज्या गवतावर पाय ठेवायला आमचे हे तीनशेहून जास्त पौंड मोजायला तयार होते आणि खेळायची वेळ मिळवण्याच्या सोडतीत नाव लागत नव्हतं, तिथे मी सतराव्या होलच्या त्या बदनाम बंकरपासून (वाळूच्या खड्ड्यापासून) अठराव्यावरच्या स्विल्कन पुलापर्यंत फुकट फिरले. फोटोही काढून घेतला. नवऱ्याने तो अजून कोणाला दाखवलेला नाही.

त्या फिरण्यातच एका काकांनी सांगितलं की इथे सात ग्रीन (होलभोवतीची बारीक कापलेली हिरवळ) जोडग्रीन आहेत. एकाच हिरवळीवर दोन झेंडे, आणि त्या दोन होलच्या आकड्यांची बेरीज दर वेळी अठरा: दुसरं आणि सोळावं, तिसरं आणि पंधरावं, असं. मी लगेच चालत जाऊन तपासलं. बरोबर निघालं. नवऱ्याला हे माहीत नव्हतं!

न खेळणाऱ्यांनी 'हिमालय' चुकवू नका. ओल्ड कोर्सच्या कडेला उंचवट्या-खळग्यांचं पटिंगचं (बॉल हलकेच होलकडे ढकलण्याचं) मैदान आहे. 1867 साली बायकांनी तिथे आपला क्लब काढला. बाईने काठी खांद्याच्या वर उचलून मारणं शोभत नाही, असं तेव्हा समजत, म्हणून त्यांच्या वाट्याला फक्त पटिंग. आता थोडेसे पैसे भरून कोणीही खेळू शकतं. मी नवऱ्याला तिथे दोनदा हरवलं.

आणि व्हिस्कीचं म्हणाल, तर आमच्या दोघांत नाक माझं निघालं. रोज फोडणीचा वास बघून मोहरी जळतेय की जिरं हे ओळखणाऱ्या माणसाला 'शेरीचं पिंप की बर्बनचं' (आधी त्यात शेरी वाइन होती की बर्बन, म्हणजे अमेरिकी व्हिस्की) हा प्रश्न फार अवघड जात नाही. एकात मनुका-खजूर, दुसऱ्यात व्हॅनिला-खोबरं. घोट घेतला तो मोजून चमचाभर.

---

एकटा जीव

ताईंच्या सोडतीच्या उल्लेखावरून लिहितो. ओल्ड कोर्सची सोडत खेळाच्या दोन दिवस आधी निघते, दुपारी दोनच्या आत नावं द्यावी लागतात, आणि त्यात कमीत कमी दोघं लागतात. एकट्याने जाणारे पूर्वी रात्रभर रांगेत बसायचे. 2024 पासून ते बंद झालं. आदल्या दिवशी तिथे जाऊन नाव नोंदवायचं आणि वाट बघायची. मी तीन दिवस नोंदवलं. दोनदा नाही, तिसऱ्यांदा लागलं. तीन अनोळखी माणसांबरोबर खेळलो. पहिल्या टीवर मागे इतके बघे होते की ड्रायव्हर (सर्वांत लांब मारायची काठी) काढायची हिंमत झाली नाही. हँडिकॅपचा (खेळाडूची पातळी सांगणाऱ्या आकड्याचा) पुरावा जवळ ठेवा, मागतात.

---

रानवारा

चुकलेला बॉल, तुमच्या तक्त्याचा फोटो टाका ना :)

आमचं उलट झालं. आम्ही एकच जागा धरली: डॉर्नोक, इन्व्हर्नेसच्या उत्तरेला. पाच रात्री, सामान एकदाच उघडलं. रॉयल डॉर्नोकवर दोन राउंड आणि खाडीपलीकडे टेन गावात ग्लेनमोरँजी डिस्टिलरी. 1991 साली खाडीवर पूल झाल्यापासून हे अंतर पाव तासाचं राहिलंय. त्याआधी सगळा वळसा घालून जावं लागे.

डॉर्नोकच्या चौदाव्या होलचं नाव 'फॉक्सी'. त्यावर एकही बंकर नाही. मी मनात म्हटलं, चला, एक तरी सोपं. सात फटके लागले. नुसत्या जमिनीच्या चढ-उतारांनी माणसाला इतकं नाचवता येतं हे तिथे समजलं. डोनाल्ड रॉस याच गावात जन्मला, अमेरिकेत गेला आणि पाइनहर्स्ट नंबर दोनसारखी मैदानं घडवली. तिथले उलट्या बशीसारखे ग्रीन तो कुठून शिकला, ते डॉर्नोकला आल्यावर वेगळं सांगावं लागत नाही.

ग्लेनमोरँजीच्या भट्ट्या (व्हिस्की गाळायची तांब्याची भांडी) स्कॉटलंडमध्ये सर्वांत उंच. नुसती मानच पाच मीटरच्या वर, म्हणून तिथे सगळे जिराफाची उपमा देतात. मान उंच असली की जड वाफ वर पोचण्याआधीच थंडावून खाली पडते, हलकी तेवढी पार होते, म्हणून व्हिस्की नाजूक. हे पुस्तकात वाचलं होतं. त्या तांब्याच्या रांगेखाली मान वर करून उभं राहिल्यावर पटलं.

जूनमध्ये रात्री दहा वाजून गेले तरी उजेड असतो. आम्ही गोल्फ दुपारनंतर ठेवला आणि डिस्टिलरी सकाळी अकराला, पोटभर न्याहारी करून. जीभ ताजी असते, गर्दी कमी असते. फक्त त्या दिवशी गाडी नाही. टॅक्सीने गेलो, परत येऊन तासभर पडलो, मग संध्याकाळी नऊ होल. सगळ्यांना जमेल असं नाही, पण आम्हाला हा क्रम मानवला.

---

सातूचं पीठ

व्हिस्की हाच ज्यांचा मुख्य हेतू आहे त्यांनी जुलै-ऑगस्टमध्ये जाताना आधी विचारून घ्या. बऱ्याच डिस्टिलऱ्या उन्हाळ्यात काही आठवडे दुरुस्तीसाठी उत्पादन थांबवतात. टूर चालू असते, पण भट्टी गार. मी एकदा असाच गेलो. देऊळ उघडं आणि मूर्ती पॉलिशला गेलेली, तसं वाटलं.

स्पेसाइडमध्ये (ईशान्येकडचा, डिस्टिलऱ्यांनी भरलेला भाग) गोल्फ नाही असं लोकांना वाटतं. आहे, फक्त नावाजलेला नाही. डफटाउनला एका बाजूला ग्लेनफिडिक आणि बाल्व्हेनी, दुसऱ्या बाजूला डोंगरउतारावरचं गावचं मैदान, 1896 चं. फी बड्या मैदानांच्या तुलनेत किरकोळ. बॅलिंडॅलोकला तर एकाच जहागिरीत वाडा, नऊ होलचं मैदान आणि डिस्टिलरी आहे. डिस्टिलरी जुन्या गोठ्या-कोठाराच्या इमारतीत 2014 साली सुरू झाली, आणि ज्याची व्हिस्की होते तो सातूही त्याच जमिनीतला. ज्याला 'दोन्ही एका दिवशी, गाडी न हलवता' हवं आहे त्याने इथे जावं.

क्रेगेलाकीच्या कूपरेजबद्दल (पिंपं बांधण्याच्या कारखान्याबद्दल) कोणीच लिहिलं नाही, म्हणून लिहितो. पिंपं बांधणारे कारागीर वरच्या गॅलरीतून बघता येतात. खिळा नाही, डिंक नाही; फळ्या, लोखंडी पट्ट्या आणि हातोडा. चार वर्षं उमेदवारी करावी लागते. आमच्यातला जो भिडू व्हिस्कीला हात लावत नाही तो तिथून हलायला तयार नव्हता. व्हिस्कीची बरीचशी चव लाकडातून येते; कायद्याने किमान तीन वर्षं ओकच्या पिंपात राहिल्याशिवाय तिला स्कॉच म्हणताच येत नाही. मग सगळे भट्ट्यांचेच फोटो का काढतात, कोण जाणे.

---

पायवाट

आयला, म्हणजे पश्चिमेचं व्हिस्कीचं बेट. फेरी केनाक्रेगहून, दोन तासांच्या वर. वाऱ्याने फेरी रद्द होऊ शकते हे गृहीत धरून परतीच्या विमानाआधी एक मोकळा दिवस ठेवा. आम्ही ठेवला नव्हता. पुढचं लिहीत नाही, बायको हा धागा वाचते.

पोर्ट एलनहून लाफ्रॉइग, लागावुलिन, आर्डबेग या डिस्टिलऱ्यांची पायवाट आहे, तिन्ही मिळून साधारण साडेतीन-चार मैल. गाडी नको, चालक नको. तीन ठिकाणी थांबायचं, मध्ये समुद्र बघायचा. एका दिवसात तिन्ही करता येतात, पण चव घेणं दोन ठिकाणीच करा आणि तिसऱ्या ठिकाणी जेवा. इथली धुराच्या चवीची व्हिस्की जिभेवर ठाण मांडून बसते. तिच्यामागून नाजूक काही प्यायलात तर ती बिचारी गेली म्हणून समजा.

लाफ्रॉइगला एक मजा आहे. त्यांच्या बाटलीवरून नाव नोंदवलं की तुमच्या नावे एक चौरस फूट जमीन होते आणि भाडं म्हणून दर वर्षी एक घोट, तोही तिथे जाऊन घ्यायचा. मी रबरी बूट चढवून, हातात कागदी झेंडा घेऊन दलदलीत माझी जमीन शोधायला गेलो. एका पायाचा बूट चिखलात राहिला. सात-बारा नाही, पण जागा बघून आलो.

मॅक्री मैदानावर (1891 चं) वाऱ्यात खेळलो. एका पार तीनवर (तीन फटक्यांत संपवायच्या होलवर) आदल्या दिवशी जवळ मारायची नऊ नंबरची लोखंडी काठी, दुसऱ्या दिवशी तिथेच ड्रायव्हर. अवांतर: बेटावर समोरून येणारा प्रत्येक चालक हात करतो. पहिले दोन दिवस मला वाटत होतं की माझ्या गाडीचं काहीतरी उघडं राहिलंय.

---

चुकलेला बॉल

सगळ्यांचे आभार. कॅम्पबेलटाउनला कोणी गेलंय का? नकाशात ते इतकं एका टोकाला आहे की धीर होत नाही.

---

खारा वारा

गेलोय, दोनदा. ग्लासगोहून साडेतीन तास म्हणतात, आम्हाला सहा लागले. 'रेस्ट अँड बी थँकफुल' नावाच्या घाटात दरड आली होती आणि जुन्या लष्करी रस्त्याने एका वेळी एकाच बाजूच्या गाड्या सोडत होते. थांबलो खरे, थँकफुल वगैरे कोणी नव्हतं. टी टाइम हुकला. फोन केला तर पलीकडच्या माणसाने विचारलं, 'दरड का? मग सहाला या.' पुन्हा पैसे नाही, काही नाही.

तिथल्या मॅक्रिहॅनिश मैदानाचा पहिला शॉट समुद्रावरून मारायचा असतो. अक्षरशः; डावीकडे किनारा, आणि जितकं धाडस कराल तितकी वाळू ओलांडावी लागते. माझा बॉल वाळूत पडला. तिथूनच खेळलो, दोन लहान मुलं किल्ला करायचं थांबवून बघत होती.

गावात एकेकाळी तीसच्या आसपास डिस्टिलऱ्या होत्या. मी गेलो तेव्हा तीनच चालू होत्या. त्यातली स्प्रिंगबँक लागणारा सगळा सातू स्वतःच्या फरशीवर भिजवून, मोड आणून, फावड्याने उलटते. बाटलीत भरण्यापर्यंतचं सगळं त्याच आवारात. टूर आधी ठरवा, ऐन वेळी जागा नसते. ओल्या सातूचा तो वास आणि खिडकीतून येणारी समुद्राची हवा, दोन्ही नंतर ग्लासात सापडतं. निदान मला तरी सापडलं.

तीन रात्री राहणार असाल तरच या.

---

अर्धा पेग

एक राहिलं. चौघं आहात ना? गाडी ठरवताना डिकी मोजा. 'पाच आसनी' गाडीत चार माणसं आणि चार गोल्फ बॅगा बसत नाहीत. आम्ही विमानतळावर अर्धा तास वेगवेगळ्या रचना करून पाहिल्या. शेवटी एक बॅग मागच्या सीटवर दोघांच्या मांडीवर आडवी ठेवली आणि दोनशे किलोमीटर गेलो. त्यात परतताना अकरा बाटल्या वाढल्या.