मदत हवी आहे : सुपर ८ रिळांचं स्कॅनिंग आणि काही आवाज

नमस्कार मंडळी. पदरमोड करून एक प्रायोगिक माहितीपट करतेय. विषय : लग्नात नाव बदललेल्या बायका. माहेरची कुसुम ताटातल्या तांदळात अंगठीने लिहून वैशाली झाली, की तिला कुसुम म्हणणारं पुढे कोण उरतं?

समोर बसवून मुलाखत, खाली नावाची पट्टी, मागे सतार, असला प्रकार करायचा नाहीये. एकीची आठवण दुसरीच्या आवाजात, आणि पडद्यावर तिसरीचंच घर. चेहरा कुणाचाच नाही. (आईच्या मते ही शुद्ध फसवणूक. असेल.)

चित्रांसाठी मामाकडून सत्तरच्या दशकातली सुपर ८ ची (घरगुती कॅमेऱ्यातली ८ मिलिमीटर रुंद फिल्म) रिळं मिळालीत, सदाशिव पेठेतल्या वाड्यातली. ५० फुटांचं एक रीळ सेकंदाला १८ फ्रेमच्या वेगाने जेमतेम ३ मिनिटं २० सेकंद चालतं. एका डब्याला व्हिनेगरसारखा वास येतोय, म्हणजे ॲसिटेट (फिल्मची प्लास्टिकची पट्टी) खराब व्हायला लागलंय. तो वेगळा ठेवलाय. फिल्म आक्रसली असेल तर प्रोजेक्टरच्या दात्यांत फाटेल, म्हणून लावून पाहिली नाही.

पुण्यात एकेक फ्रेम स्कॅन करून देणारं कोणी माहितीय का? भिंतीवर पाडून मोबाईलने शूट करणारे नकोत, चित्र लुकलुकतं. लॉ कॉलेज रोडच्या फिल्म संग्रहालयात घरगुती रिळांबद्दल कुणी विचारलंय का?

आणि तुमच्या आई, आजी, काकू बोलायला तयार असतील तर मेसेज करा. मी घरी येईन, फक्त आवाज घेईन. नंतर नको वाटलं तर काढून टाकेन.