फेलिसिटी केंडलला घरचं काय आयतं मिळालं?

नाट्यवेडा_सातारा: काल इथे ब्रिटिश नटी फेलिसिटी केंडलबद्दल कुणी लिहिलं, "केंडल नाटकवाल्यांच्या घरातली, टीव्ही आयता मिळाला, आणि गोड हसण्यापलीकडे केलं काय?" वाचून झोप उडाली. अहो, कसलं घर? तिचे आई-बाप जेफ्री केंडल आणि लॉरा लिडेल यांची 'शेक्सपीअराना' ही फिरती नाटक मंडळी. शाळेत, राजवाड्यात, मिळेल तिथे प्रयोग. ही नऊ महिन्यांची असताना 'मिडसमर नाईट्स ड्रीम'मध्ये स्टेजवर गेली, सातव्या वर्षापासून भारतात वाढली. लंडनच्या निर्मात्याला फिरत्या मंडळींच्या त्या ट्रंकांचं काय कौतुक?

विंगेतली: कालचं मीच लिहिलं होतं आणि मागे घेत नाही. तिचा 'शेक्सपीअरवाला' (१९६५) हा सिनेमा बघा. आई-बाप सिनेमात, नायक शशी कपूर म्हणजे तिच्या बहिणीचा, जेनिफरचा नवरा. याला आमच्याकडे वशिला म्हणतात.

नाट्यवेडा_सातारा: त्या सिनेमासाठी बर्लिन महोत्सवाचं बक्षीस मिळालं ते मधुर जाफरीला, हिला नाही. जिने ती घराघरांत पोचली ती 'द गुड लाइफ' ही विनोदी टीव्ही मालिका आली १९७५ला, दहा वर्षांनी. त्याआधी १९७४ला लंडनमध्ये एकबर्नच्या 'नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स' या नाटकांमध्ये ही आणि पेनेलोपी कीथ दोघी होत्या, आणि दोघीही त्या मालिकेत आल्या. रंगभूमीवरचं काम बोललं, बाप नाही.

लेस्टरकर: इथे आमची शेजारीण अजून तिला 'बार्बरा' म्हणते, 'द गुड लाइफ'मधल्या भूमिकेच्या नावाने. 'अमेडियस' नाटकात (१९७९) संगीतकार मोझार्टची बायको तिने केली, नॅशनल थिएटरला, हे सांगितलं तर खरं वाटत नाही तिला. टीव्हीने नटी खाल्लीच ना?

बॅकस्टेज_३०वर्षं: खाल्ली म्हणू नका! खातात कशा ते मी बघितलंय. सांगलीचा प्रयोग, दुपारी चारला सेट लागला, हॉल भरलेला, आणि नायिकेचं शूटिंग संपेना. साडेनऊला पैसे परत केले. आमची नाईट, म्हणजे प्रयोगाचे पैसे, बुडाली ती बुडालीच. तेव्हापासून मालिकेच्या नटीचं नाव जाहिरातीत दिसलं की पोटात गोळा येतो.

विंगेतली: नटीवर राग काढणं सोपं असतं, दादा. मी रोज तेरा तास सेटवर असते. नाटकाच्या नाईटवर घरभाडं निघतं का? तुम्ही भरणार आहात?

बॅकस्टेज_३०वर्षं: भाडं आम्हालाही असतं. आम्ही तारीख देऊन पाठ फिरवत नाही.

नाट्यवेडा_सातारा: भांडण चॅनेलशी आहे, एकमेकांशी नाही. 'द गुड लाइफ'चा एक हंगाम सात भागांचा. आठवडाभर तालीम, मग प्रेक्षकांसमोर चित्रीकरण. उरलेलं वर्ष नटीचं. म्हणूनच 'सोलो', 'द मिस्ट्रेस' या मालिका करूनही ती १९९३ला स्टॉपर्डच्या 'आर्केडिया' नाटकात उभी राहू शकली. आमच्याकडे मराठी मालिकांचे आठवड्याला सहा भाग.

लेस्टरकर: सगळं श्रेय सात भागांना देऊ नका. मालिका संपल्यावर रंगभूमीकडे न वळणारे इथेही पुष्कळ आहेत. ती वळली, पुन्हा पुन्हा.

विंगेतली: ठीक आहे, वशिला हा शब्द चुकला. एवढाच. बाकी दादांनी मला सात भागांचं काम आणून द्यावं, सांगलीला दुपारी चारला मी सेटच्या आधी पोचेन.

बॅकस्टेज_३०वर्षं: या. पण त्या रात्रीचे आमचे पैसे अजून बाकी आहेत, तेही निर्मात्याला सांगा.