मदत हवी आहे: काळोख्या पाण्यात पेंग्विनला मासा सापडतो तरी कसा?

मंडळी, लेक चौथीत आहे. रविवारी राणीच्या बागेत पेंग्विन बघून आलो आणि तेव्हापासून माझी तोंडी परीक्षा सुरू आहे. तिथले हम्बोल्ट पेंग्विन मूळचे पेरू-चिलीच्या किनाऱ्यावरचे, तिथल्या थंड प्रवाहात अँचोव्ही या छोट्या माशांचे थवेच्या थवे असतात, एवढ्यावर पहिला प्रश्न निभावला. मग तिने वाचलं की किंग पेंग्विन शंभर मीटरहून खोल बुडी मारतो. "बाबा, तिथे तर अंधार असेल ना?" मी ठोकून दिलं की वटवाघळासारखं आवाजावरून शोधत असेल. बरोबर आहे का? आणि दात नसताना बुळबुळीत मासा चोचीतून निसटत कसा नाही?

प्रतिसाद १
वटवाघूळ आधी मागे घ्या, दादा! पेंग्विनची सगळी मदार डोळ्यांवर. आपल्याच हिंदी महासागराच्या पार दक्षिणेला क्रोझे बेटं आहेत, तिथे किंगच्या मोठ्या वसाहती आहेत. त्यांचं मुख्य खाणं लँटर्नफिश. बोटभर मासा, अंगावर उजेडाचे ठिपके. म्हणजे शिकारच दिवा घेऊन फिरते. हे मासे दिवसा खोल असतात, रात्री वर येतात. म्हणून किंगच्या खोल बुड्या दिवसाच्या. त्याच्या डोळ्यातली बाहुली उन्हात आक्रसून इवलासा चौकोन होते आणि खाली गेल्यावर भली मोठी उघडते. किनाऱ्यावरच्या लखलखाटातून थेट अंधारात शिरला तरी तो चाचपडत नाही.

एम्परर पेंग्विन तर ५०० मीटरपेक्षा खोल जातो. पण त्याची मला आवडलेली युक्ती उथळातली आहे: बर्फाच्या खालच्या फटींत मासे दडलेले असतात, हा तिथे बुडबुडे सोडतो आणि मासे बाहेर आले की टिपतो.

प्रतिसाद २
दातांचं काम काटे करतात. जिभेवर आणि टाळूवर घशाकडे वळलेले टोकदार काटे असतात, मासा फक्त आतच सरकतो. चावणं नाहीच, अख्खा गिळायचा. पुढच्या वेळी खाऊ घालताना नीट बघा, मासा डोक्याकडून आत जातो, म्हणजे पर घशात अडकत नाहीत.

धागाकर्ता
वटवाघूळ मागे घेतलं, आभार. लगेच पुढचा प्रश्न आलाय: माशाबरोबर खारं पाणी पोटात जातं, त्याचं काय?

प्रतिसाद २
डोळ्यांच्या वर मीठ गाळणाऱ्या ग्रंथी असतात. खारट पाणी नाकपुड्यांतून चोचीवर येतं. मान झटकताना दिसला की तिला तेच दाखवा.