वीटकामाचा कोपरा हाताने काढून खरंच समजतो का?

प्रश्न: सिव्हिल डिप्लोमाच्या दुसऱ्या वर्षाला आहे. कॅडमध्ये, म्हणजे कॉम्प्युटरवर, भिंतीचा सेक्शन (छेद) काढते, पण कोपऱ्यात विटा कशा बसतात ते डोळ्यांपुढे येत नाही. हाताने काढून फरक पडतो का?

उत्तर १: पडतो, ताई. बावीस वर्षं साइटवर आहे, म्हणून खात्रीने सांगतो. कॅडमध्ये हॅच मारला, म्हणजे रेघांनी भाग भरला, की भिंत झाली, एकही वीट ठेवावी लागत नाही. इंग्लिश बाँड या विटा रचायच्या पद्धतीचा कोपरा १:५ स्केलला काढ. मॉड्युलर वीट १९०×९०×९० मिमी, सांधा १० मिमी. एक थर स्ट्रेचरचा, म्हणजे विटेची लांब बाजू बाहेर; त्यावर हेडरचा, म्हणजे आखूड बाजू बाहेर. कोपऱ्यातल्या पहिल्या हेडरशेजारी क्वीन क्लोजर, म्हणजे लांबीत चिरलेली अर्धी वीट, विसरलीस तर काय होतं ते पेन्सिलच दाखवेल. आमचे मिस्त्री करणीच्या एका घावात ती चिरतात, बघत राहावं असं काम!

उत्तर २: आयसोमेट्रिक, म्हणजे तिन्ही बाजू दिसतील असं चित्र, काढा, थर सुटे उचलून दाखवा. ट्रेसिंग पेपर ठेवला की सोपं जातं.

प्रश्नकर्ती: काल काढलं, दादा. क्लोजर नव्हता, तर २०० मिमीवर उभा सांधा बरोबर सांध्यावर आला. खोडून क्लोजर घातला, सगळे सांधे पाव विटेने सरकले. आता फ्लेमिश बाँड, म्हणजे दुसरी रचना, घेतलाय.