मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) गेलं तर पुरावे पुन्हा तपासतात का?

गहाळनस्ती:
नमस्कार. मुंबईत राज्य शासनाच्या एका कार्यालयात लिपिक आहे. माझ्या टेबलावरची नस्ती (फाईल) गहाळ झाली आणि विभागीय चौकशी लागली. ती गेली त्या तीन दिवसांत मी किरकोळ रजेवर होतो, हजेरीपटात तसं आहे. तरी दोषारोप सिद्ध! दोन वेतनवाढी कायमस्वरूपी बंद. पुरावा काय, तर शिपायाचा प्राथमिक चौकशीतला जबाब: ‘नस्ती शेवटची यांच्याच टेबलावर पाहिली.’ हा शिपाई पुढे चौकशीत साक्षीला आलाच नाही. चौकशीचा अहवाल तर मला शिक्षेच्या आदेशाला टाचून मिळाला. हायकोर्टात रिट याचिका टाकली तर न्यायाधीश हजेरीपट बघून सोडतील ना? बायको म्हणते गप्प बसा, नोकरी तरी शाबूत आहे.

चर्चगेटलोकल:
थेट रिट नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 1997च्या चंद्रकुमार निकालानंतर क्रम ठरलेला आहे: आधी मॅट, त्यावर हायकोर्टाचं खंडपीठ. आणि मॅटच्याही आधी खात्यातलं अपील. अपिलावर सहा महिन्यांत निर्णय आला नाही तर मॅटचा रस्ता मोकळा, पण तिथून एक वर्षाचीच मुदत. मी ‘येईल निर्णय’ म्हणत बसलो आणि विलंब माफीचा अर्ज करायची पाळी आली.

जुनासादरकर्ता:
मी निवृत्त कक्ष अधिकारी. अकरा चौकशांत सादरकर्ता अधिकारी होतो, म्हणजे खात्याची बाजू मांडणारा, तुमच्या समोरच्या खुर्चीत. त्यामुळे कडू वाटेल ते सांगतो.

हजेरीपटावर सगळी भिस्त ठेवू नका. मॅट म्हणजे अपिलाचं कोर्ट नव्हे. 1995च्या बी. सी. चतुर्वेदी निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं आहे. थोडाफार जरी पुरावा असला तरी न्यायालय तो स्वतःच्या तराजूत पुन्हा तोलत नाही. चौकशी कशी झाली, ते बघतं. शिक्षेतही सहसा हात घालत नाही, ती सदसद्विवेकबुद्धीला धक्का देणारी असेल तरच. दोन वेतनवाढींनी कुणाला धक्का बसत नाही, खिसा सोडला तर.

तुमचं खरं हत्यार शिपाई. प्राथमिक चौकशीतला जबाब नियमित चौकशीत पुरावा म्हणून वापरता येत नाही, निर्मला झाला (हे आडनाव) यांचं प्रकरण, सर्वोच्च न्यायालय, 2013. साक्षीदार समोर नाही, उलटतपासणी नाही, मग त्या कागदाला काय अर्थ? दोषारोपपत्राचं जोडपत्र चार, म्हणजे साक्षीदारांची यादी काढा, तिच्यात त्याचं नाव आहे का बघा. आमच्याकडे एकदा असाच साक्षीदार गावी गेला होता. मीच चौकशी अधिकाऱ्यांना म्हटलं, जबाब आहे ना, कशाला थांबायचं? ते प्रकरण मॅटमध्ये उताणं पडलं. चूक माझीच होती.

अहवाल शिक्षेच्या आधी द्यायलाच हवा होता, सर्वोच्च न्यायालयाचा 1993चा करुणाकर निकाल. पण ‘दिला नाही’ एवढंच म्हणून भागत नाही. मिळाला असता तर काय म्हणालो असतो, ते लिहा. तिथे तुमचा हजेरीपट कामाला येईल. आणि जिंकलात तरी बहुधा चौकशी जिथे चुकली तिथून परत सुरू होते. पेढे लगेच वाटू नका.

गहाळनस्ती:
काका, जोडपत्र चारमध्ये त्याचं नाव आहे! पण चौकशीच्या रोजनाम्याच्या (रोजच्या कामकाजाच्या नोंदीच्या) झेरॉक्समध्ये शेवटच्या तारखेला लिहिलंय, ‘सदर साक्षीदारास तपासण्याची आवश्यकता नाही, अपचाऱ्याची हरकत नाही.’ अपचारी म्हणजे मीच, खाली माझी सही. सहा वाजले होते, विरार लोकल गाठायची होती, वाचलंच नाही.

जुनासादरकर्ता:
त्या सहीवरच सरकारी वकील बोट ठेवणार. नंतर बचावाचं लेखी निवेदन दिलंत ना? त्यात शिपायाचा उल्लेख असेल तर ते पान आधी शोधा.

गहाळनस्ती:
माळ्यावरच्या पिशवीत असेल. शोधतो.